सारखी येणारी ‘नदी’ कशी कमी केली

गावच्या स्मरणिकेसाठी मलप्रभा नदीवरचा जुना लेख नव्यानं लिहायला घेतला. ओळीओळीला ‘नदी’. संगणकावर एका फटक्यात सगळीकडं ‘प्रवाह’ घातला, तर ‘प्रवाह फुगली’ झालं! लिंग बदललं की क्रियापद, विशेषण सगळंच हलतं. ‘सरिता’ व्याकरणात बसते; पण खानापूरच्या पावसात ‘सरिता फुगली’ कोण म्हणतं? मग निम्म्या जागी शब्द नुसता गाळला: ‘कणकुंबीला उगम पावते, सौंदत्तीजवळ नविलुतीर्थ धरणात अडते, पुढं कूडलसंगमला कृष्णेला मिळते.’ कोण, ते आधीच्या वाक्यावरून कळतंच. पुराच्या परिच्छेदात ‘पाणी’ घेतलं: ‘रात्रीत पाणी शिवारात शिरलं.’ आमच्याकडं बोलतातही असंच. ‘उगम’ हा नेमका शब्द, त्याला मात्र हात लावला नाही.