श्वास कुठं घ्यायचा? बँड बसवणाऱ्याच्या वहीतून

"मास्तर, गाणं ब्येस बसवलंय. पण श्वास कुठं घ्यायचा ते लिवलंच न्हाई."

आमच्या बँडातल्या साठीच्या ट्रम्पेटवाल्या काकांनी मला हे ऐकवलं, तेव्हा मी स्वतःला मोठा अरेंजर, म्हणजे कुठल्या वाद्याने काय वाजवायचं ते लिहून देणारा, समजत होतो. लंडनच्या ट्रिनिटी कॉलेजच्या पाश्चात्य संगीताच्या थिअरीच्या परीक्षा नुकत्याच दिलेल्या, आता वडिलांच्या बँडाला सुधारायचंच, या थाटात. गाण्याच्या दोन ओळींमध्ये गायक दम घेतो, नेमकी तिथेच मी ट्रम्पेटला जागा भरायला दिली होती. ती संपते तिथे पुन्हा मुखडा, तोही ट्रम्पेटलाच. तालमीत खुर्चीवर बसून सगळं जमलं. वरातीत तिसऱ्या गाण्याला काकांचे ओठ सुजले आणि मुखड्यातला वरचा सा फाटला. नवरदेवाचे मामा माझ्याजवळ येऊन म्हणाले, "नवीन पोरं आणलीत काय?" काका त्या वेळी चाळीस वर्षं वाजवत होते.

या बँड बसवण्याच्या कामात यावं का, असं विचारणाऱ्या मुलांच्या डोळ्यांसमोर बहुतेक वेळा हातात काठी घेऊन उभा असलेला कंडक्टर असतो. लष्कराच्या आणि पोलिसांच्या बँडात तो दिसतोही. आपल्या लग्नाच्या बँडात मात्र मास्तर स्वतः वाजवत चालतो, बहुधा क्लॅरिनेट. वाद्याचं तोंड वर केलं की अंतरा, खाली झुकवलं की हळू. गाणं थांबवायचं असेल तर बेस ड्रमवाल्याकडे बघायचं, तो दोन ठोके एकदम देतो. ही झाली रस्त्यावरची अर्धी नोकरी. उरलेली अर्धी आषाढात शेडमध्ये बसून होते, तिला आम्ही 'गाणं बसवणं' म्हणतो. शिकायची ती हीच.

पहिली गोष्ट पट्टी, म्हणजे पेटीवरचा कुठला सूर सा धरायचा ते. ट्रम्पेट, क्लॅरिनेट, टेनर सॅक्सोफोन ही बी-फ्लॅटची वाद्यं. त्यांच्या कागदावरचा सी वाजला की पेटीवर काळी पाच ऐकू येते. ऑल्टो सॅक्सोफोन ई-फ्लॅटचा, त्याचा सी म्हणजे काळी दोन. आता समजा, रेकॉर्डवर गाणं पांढरी तीनमध्ये आहे. तसंच उचललंत तर ट्रम्पेटच्या कागदावर सहा शार्प (अर्ध्याने चढवलेले सूर) येतात आणि ऑल्टोच्या कागदावर सात. वाजवणारा तुम्हाला मनातल्या मनात काय म्हणेल ते इथे लिहिता येत नाही. तेच गाणं अर्धा सूर उतरवून काळी दोनला आणा. ट्रम्पेटला एक फ्लॅट (अर्ध्याने उतरवलेला सूर), ऑल्टोला काहीच नाही. वरातीत कुणाला फरक कळत नाही, आणि बोटं मोकळी चालतात. 'मूळ पट्टीतच हवं' असा हट्ट मीही दोन वर्षं धरला होता. ती वही अजून आहे, कुणाला दाखवत नाही.

दुसरी गोष्ट, कुठला सूर कुणाला द्यायचा. ट्रम्पेटला तीन व्हॉल्व्ह असतात. मधला सूर अर्ध्याने उतरवतो, पहिला एकाने, तिसरा दीडाने. तिन्ही एकदम दाबले की सूर थोडा चढाच लागतो, तो नळी सरकवून किंवा ओठांनी सांभाळावा लागतो. या यंत्रात मींड, म्हणजे एका सुरावरून दुसऱ्यावर घसरत जाणं, सहज बसत नाही. भावगीतातली किंवा लावणीतली घसरण क्लॅरिनेटला द्यावी, भोकावरून बोट हळूच सरकवलं की ती येते. ट्रॉम्बोन असेल तर सोन्याहून पिवळं, त्याची नळीच सरकते. अंतरा युफोनियमला. माणसाच्या गळ्याच्या सगळ्यात जवळचं वाद्य ते, आणि आपल्या बँडात त्याला नुसतं 'भों-भों' करायला ठेवतात, याचं मला कायम वाईट वाटतं. ट्रम्पेटला चमकायचे तुकडे द्या, म्हणजे इतर वेळी त्याच्या ओठांना विसावा मिळतो. काकांच्या त्या बोलण्यानंतर मी प्रत्येक कागदावर लाल पेनाने श्वासाच्या खुणा करतो. काकांना स्टाफ नोटेशन, म्हणजे पाच रेघांवरचं पाश्चात्य लिखाण, येत नाही, त्यांच्या वहीत सारेगम असतं. पण लाल खूण त्यांना लगेच कळते.

तिसरी गोष्ट कुठल्या वर्गात शिकवत नाहीत: चालणं. लष्करी तेज चाल मिनिटाला १२० पावलांची. वरात मात्र चार पावलं चालते आणि दहा मिनिटं एका जागी नाचते. बँड लांबला, पुढच्या क्लॅरिनेटपासून मागच्या बेस ड्रमपर्यंत सतरा मीटर अंतर पडलं, तर आवाज पोचायला सेकंदाचा विसावा भाग जातो. ऐकायला किरकोळ वाटतं. पण मागचे पुढच्यांना ऐकून वाजवतात, पुढचे मागच्यांची वाट बघतात, आणि लय खेचली जाते. म्हणून बेस ड्रम मधोमध ठेवा आणि सगळ्यांना सांगा, त्याच्याच ठोक्यावर. बोळात शिरलात की बंद शटरांवरून ठोका परत येतो, तिथे ड्रमवाल्याच्या हाताकडे बघून वाजवायचं.

आणि ऊन. मे महिन्यात दुपारी पितळ तापतं, आतली हवा तापते, वाद्यं चढतात. गाडीवरचा कीबोर्ड मात्र आहे तिथेच राहतो. मांडवाच्या सावलीत सूर जुळवून रस्त्यावर आलात तर पाच मिनिटांत बेसूर. आम्ही उन्हात उभं राहून दोन गाणी वाजवतो, मग जुळवतो, मग कीबोर्ड त्या सुरावर आणतो. नवी पोरं हसतात. एकदा फजिती झाली की हसत नाहीत.

शिकायचं कुठे? कान तयार करायचा असेल तर चालू बँडात बसा, दुसरा रस्ता नाही. कागद वाचायचा असेल तर गोव्याकडे बघा. तिथल्या पॅरिश शाळांत, म्हणजे चर्चच्या शाळांत, चर्चचे मेस्त्री (संगीतशिक्षक) मुलांना सोल्फेज, म्हणजे कागद बघून सूर गायला, शिकवत. हिंदी सिनेमाच्या वाद्यवृंदाला अँथनी गोन्साल्विस, सेबॅस्टियन डिसूझा यांच्यासारखी वाद्यांचे कागद लिहिणारी माणसं गोव्याने दिली. पणजीच्या कला अकादमीत पाश्चात्य संगीताचा विभाग आहे. मुंबई-पुण्यात ट्रिनिटीच्या ग्रेड परीक्षा देता येतात. थिअरी जरूर करा, पण ती करून आल्यावर लगेच कुणाला सुधारायला जाऊ नका. पगारी नोकरी हवी असेल तर पोलीस भरतीत बँड्समनच्या जागा निघतात, जाहिरातीवर लक्ष ठेवा आणि धावायचाही सराव ठेवा. लष्करात गेलात तर पचमढीला मिलिटरी म्युझिकचं शिक्षण मिळतं, ते १९५० पासून चालू आहे. तिथून आलेला माणूस पंचवीस जणांचे कागद एका बैठकीत तपासताना मी पाहिलाय, हेवा वाटला.

वाद्याचं म्हणाल तर आमच्या मिरजेत तंबोरे होतात, पितळेसाठी मात्र मेरठकडेच बघावं लागतं. तिथल्या जली कोठीत गल्लीच्या गल्ली बँडाची वाद्यं ठोकत असते. पहिलं वाद्य जुनं घेतलंत तरी चालेल. व्हॉल्व्ह दाबून सोडा, अडकत नाहीत ना बघा. नळीला झाळून डाग दिलेला असेल तर फुंकून हवा गळते का तपासा. पॉलिशला भुलू नका.

पैशाचं सरळ सांगतो. तुळशीच्या लग्नापासून सुपाऱ्या सुरू होतात, चातुर्मासात हात रिकामे. मधे गणपती येतात तेवढाच आधार. पावसाळ्यात वादक मालकाकडून उचल घेतात आणि सीझनभर ती फेडत वाजवतात. नुसतं वाजवणाऱ्याचा फास हाच आहे. गाणी बसवता येत असतील तर तुम्हाला तीन-चार बँडांचं काम मिळू शकतं, तेही नेमकं पावसाळ्यात. बसवण्याचे पैसे गाण्यागणिक ठरवा आणि कागद देण्याआधी घ्या. सुपारीचा इसार लेखी घ्या. वाजवणाऱ्यांची जेवणं किती वाजता आणि कुठे, तेही त्याच कागदावर लिहून घ्या. एका लग्नात पंगती उठल्या, भांडी घासायला गेली, आणि मग कुणीतरी आम्हाला शिळी बुंदी आणून दिली. तीही मांडवामागे, जिथे चपला पडल्या होत्या. काकांनी ती घेतली नाही. ट्रम्पेटमधलं पाणी झटकलं, वाद्य फडक्यात गुंडाळलं आणि टेम्पोत जाऊन बसले. त्या दिवसापासून जेवणाची ओळ मी इसाराच्या वर लिहितो.

यायचंच असेल तर आषाढात या, तालमी तेव्हाच असतात. दोनशे पानी वही आणा, लाल पेन आणा. माउथपीस स्वतःचा आणा, दुसऱ्याचा मागायचा नसतो.