फेडरल प्रॉसिक्युटर ते एफबीआय डायरेक्टर, रस्ता कसा असतो

अमेरिकेत वाढलेल्या आपल्या पोरापोरींपैकी कोणाला फेडरल प्रॉसिक्युटर (केंद्र सरकारच्या बाजूने गुन्ह्यांचे खटले लढवणारा वकील) आणि पुढे एफबीआय या केंद्रीय तपास संस्थेचं डायरेक्टर व्हायचं असेल तर आधी ४ वर्षांची डिग्री, मग ३ वर्षं लॉ स्कूल, मग बार एक्झाम (वकिलीच्या परवान्याची परीक्षा), आणि सिटिझनशिप हवीच. पुढे यूएस अॅटर्नीच्या (त्या भागातल्या मुख्य फेडरल प्रॉसिक्युटरच्या) ऑफिसात असिस्टंट म्हणून लागायचं आणि कोर्टात स्वतः उभं राहून खटले चालवायचे, नुसत्या फायली हलवत बसू नका.

एफबीआयचे माजी डायरेक्टर रॉबर्ट म्युलर यांचंच बघा ना, व्हिएतनाम युद्धात मरीन सैनिक, १९७३ ला लॉची डिग्री, १९७६ पासून सॅन फ्रान्सिस्कोत प्रॉसिक्युटर, पुढे जस्टिस डिपार्टमेंटच्या (न्याय खात्याच्या) क्रिमिनल डिव्हिजनचे प्रमुख. आणि एवढं सगळं झाल्यावर १९९५ मध्ये मोठ्या फर्ममधली वकिली सोडून हा माणूस वॉशिंग्टनमध्ये खुनाच्या केसेस लढवायला साधा प्रॉसिक्युटर म्हणून परत आला! मला तर त्यांच्या करिअरमधलं हेच सगळ्यात मोठं वाटतं.

४ सप्टेंबर २००१ ला ते एफबीआयचे डायरेक्टर झाले, आठवड्याभरात ९/११ झालं आणि गुन्ह्याचा तपास करणाऱ्या एजन्सीला हल्ला होण्याआधीच रोखायच्या कामाकडे वळवावं लागलं.

या पोस्टला अर्ज वगैरे नसतो बरं का, राष्ट्राध्यक्ष नाव देतात, सिनेट मंजुरी देतं, टर्म १० वर्षांची, म्युलर यांना २०११ मध्ये काँग्रेसने २ वर्षं वाढवून दिली.