अपील केलं म्हणून वसुली थांबत नाही: आयकराच्या स्टेमध्ये या चुका टाळा

आयकराचं अपील दाखल झालं की लोक निर्धास्त होतात. माझ्याकडे येणाऱ्या निम्म्या भानगडी इथंच सुरू होतात. 1961 च्या आयकर कायद्यात अपील वेगळं आणि वसुलीची स्थगिती, म्हणजे स्टे, वेगळी. अपिलाचा फॉर्म 35 भरला तरी डिमांड, म्हणजे खात्यानं मागितलेला कर, भरायची 30 दिवसांची मुदत चालूच राहते. स्टे हवा असेल तर कलम 220(6) खाली असेसिंग ऑफिसरकडे (कर आकारणाऱ्या अधिकाऱ्याकडे) स्वतंत्र अर्ज करावा लागतो.

माझे एक पक्षकार लेथवर सुटे भाग करतात. अपील वेळेत केलेलं. स्टेचं विचारलं तर म्हणाले, "साहेबांशी बोललोय, थांबतो म्हणालेत." पगाराच्या दिवशी सकाळी बँकेतून फोन आला: कलम 226(3) ची नोटीस आहे, खात्यातून पैसे निघणार नाहीत. कामगार दुपारपर्यंत गेटपाशी उभे होते. हायकोर्टात जायचं ठरलं, तेव्हा वकिलांनी आधी विचारलं, "स्टेच्या अर्जाची पोच कुठंय?" पोच नव्हती, कारण अर्जच नव्हता. अर्ज पडून असला तर कोर्ट अधिकाऱ्याला सांगू शकतं की अमुक आठवड्यांत कारणांसह निर्णय द्या, तोवर सक्तीची वसुली नको. तोंडी बोलण्यावर कोर्टानं काय निर्देश द्यायचे? शेवटी उसनवारी करून डिमांडच्या 20 टक्के भरले, तेव्हा खातं सुटलं.

या 20 टक्क्यांचंही तसंच. सीबीडीटीच्या (केंद्रीय प्रत्यक्ष कर मंडळाच्या) 31 जुलै 2017 च्या परिपत्रकातला, स्टेसाठी भरायच्या रकमेचा हा आकडा लोक दगडावरची रेघ समजतात. एलजी इलेक्ट्रॉनिक्सच्या प्रकरणात 2018 मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की अधिकारी त्याहून कमी रकमेवरही स्टे देऊ शकतात. पण त्यासाठी अर्जात काहीतरी असायला हवं. नेटवरून उतरवलेला चार ओळींचा नमुना मी हातात धरत नाही. केईसी इंटरनॅशनलच्या 2001 च्या निकालात मुंबई हायकोर्टानं अधिकाऱ्यानं करदात्याची बाजू थोडक्यात मांडून कारणं द्यावीत असं बजावलंय. तुम्ही मुद्देच मांडले नाहीत तर तो कशाचा विचार करणार? मी तीन गोष्टी लावतोच: याच मुद्द्यावर आधी आपल्या बाजूनं लागलेला निकाल, दाखवलेल्या उत्पन्नाच्या किती पट आकारणी झाली ते, आणि बँकेचा ताजा उतारा.

अपिलाला उशीर झाला असेल तर "वैयक्तिक अडचणींमुळे" एवढंच लिहू नका. कातिजीच्या 1987 च्या निकालात सुप्रीम कोर्टानं विलंबमाफीत उदार राहायला सांगितलंय, पण कारण तुम्हालाच दाखवायचंय. आदेशाचा ईमेल जुन्या सल्लागाराच्या पत्त्यावर गेला असेल तर तो कधी दिसला, त्यानंतर काय केलं, हे तारीखवार प्रतिज्ञापत्रावर द्या.

विवरणपत्रात स्वतः कबूल केलेला कर भरलेला नसेल तर कलम 249(4) मुळे अपील दाखलच करून घेत नाहीत.

आणि कोर्टाचा आदेश मिळाला की त्याच दिवशी प्रत अधिकाऱ्याला आणि बँकेच्या शाखेत द्या. बँकेला तो आपोआप कळत नाही. दोन्हीकडे शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय मी परत फिरत नाही.