वाडा वाचवायचा तर आधी सिटी सर्व्हे नंबर लिहा

जुने वाडे धोक्यात आणणाऱ्या प्रस्तावांवर नाशिकमधल्या वारसा जपणाऱ्या गटांची हरकत टिकते की नुसती फाइलला लागून राहते, हे तळमळीवर ठरत नाही. अर्जात सिटी सर्व्हे नंबर (मिळकतीचा शहर भूमापन क्रमांक), मोजमाप आणि नेमकी मागणी आहे का, आणि तो मुदतीत आवक-शिक्क्यासह पोचला का, एवढंच पाहिलं जातं. पाचशे सह्यांच्या एकसारख्या अर्जापेक्षा दोन पानांचा आणि नकाशा जोडलेला एक अर्ज जास्त काम करतो.

आधी दार ओळखा, म्हणजे वास्तू कोणत्या कार्यालयाकडे येते ते. पांडवलेणी केंद्रीय पुरातत्त्व खात्याकडे आहेत. तिथे १०० मीटरपर्यंत नव्या बांधकामाला मनाई आणि पुढच्या २०० मीटरमध्ये परवानगीची अट आहे. हे अंतर लेण्याच्या तोंडापासून नाही, संरक्षित हद्दीपासून मोजायचं. हरकती इथेच चुकतात. सरकारवाडा आणि सुंदरनारायण मंदिर राज्य पुरातत्त्व विभागाकडे. जुन्या नाशकातले आणि पंचवटीतले बाकीचे बहुतेक वाडे कुणाच्याच संरक्षित यादीत नसतात. त्यांचं भवितव्य महापालिकेत ठरतं आणि गटांचं खरं काम तिथंच आहे.

हे काम विकास आराखडा (शहरातले रस्ते आणि जागांचा वापर ठरवणारा नकाशा) जाहीर होण्याच्या कितीतरी आधी सुरू करायचं. प्रत्येक वास्तूची एक नोंद: मिळकत पत्रिका, १:१०० चा नकाशा, जोतं, खांब, तुळया, चौक आणि दिंडी दरवाजा यांचे तारखेसह फोटो. ही नोंद वारसा यादीत समावेशासाठी महापालिकेला लेखी द्या. प्रारूप आराखडा आल्यावर महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम २६ खाली हरकती मागवल्या जातात. मुदत नोटिशीत छापलेली असते. सुनावणी कलम २८ च्या नियोजन समितीपुढे होते. तिथे वेळ जेमतेम मिळतो, त्यामुळे इतिहास सांगत बसू नका. असं लिहा: ‘सि.स.नं. अमुक. प्रस्तावित ९ मीटर रस्त्यामुळे दर्शनी भिंत २.४ मीटर कापली जाते, माडीच्या तुळयांचा आधार जातो. रस्त्याची रेषा समोरच्या महापालिकेच्या मोकळ्या जागेकडे सरकवावी.’ समोर खासगी घर असेल तर मात्र ही मागणी करू नका. तुमच्या हरकतीवर शेजाऱ्याची हरकत येते आणि दोन्ही बारगळतात.

मंजूर आराखड्यातला बदल कलम ३७ ने होतो, त्यावर हरकतीला एक महिना. आणखी एक वाट सहज नजरेआड होते: महापालिका अधिनियमाच्या कलम २१० खाली रस्त्याची नियमित रेषा, म्हणजे रस्त्याची कड कुठवर येणार ती हद्द, आखणं. आराखड्यात काहीच नसतानाही वाड्याची ओसरी या रेषेने जाऊ शकते. वर्तमानपत्रातल्या जाहीर नोटिसा रोज वाचायला एक माणूस नेमाच. मूळ नकाशा हवा असेल तर माहितीचा अधिकार वापरा. अर्ज एकाच विषयावर, १५० शब्दांच्या आत, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून.

पण सगळ्यात जास्त वाडे आराखड्यात जात नाहीत, पावसाळ्याआधीच्या धोकादायक इमारतींच्या नोटिशीत जातात. महापालिका अधिनियमाच्या कलम २६४ ची नोटीस लागली की संरचनात्मक तपासणी होते आणि सी-१ (सर्वांत धोकादायक) शेरा पडला तर रिकामं करून पाडणं. गोम तपासणीत आहे. रिबाउंड हॅमर, म्हणजे पृष्ठभागावर आपटून मजबुती अजमावणारं उपकरण, काँक्रीटसाठी असतो. विटा, माती आणि सागवानाच्या वाड्याबद्दल तो काहीच सांगत नाही. वाड्याचं दुखणं बहुतेकदा तुळईच्या भिंतीत गेलेल्या टोकाला असतं: कौलं फुटतात, पन्हाळ गळते, पाणी भिंतीत मुरतं आणि टोक कुजतं. बाकी तुळई ठणठणीत असते. म्हणून लाकूडकाम जाणणारा अभियंता नेऊन टोकं टोचून पाहा, भिंतीला ओळंबा लावा, आणि टेकू देऊन कुजकं टोक बदलण्याचा खर्चासह प्रस्ताव द्या. मग सी-१ ऐवजी सी-२ मागायला आधार मिळतो: सी-२ अ म्हणजे रिकामं करून मोठी दुरुस्ती, सी-२ ब म्हणजे रिकामं न करता. भिंत खरंच फुगून ओळंब्याबाहेर गेली असेल तर तसंच लिहा आणि राहणाऱ्यांना आधी बाहेर काढा. इथे हट्ट नको.

मालकाला वगळून यातलं काहीही करू नका. जुन्या वाड्यांत दहा-बारा वारस आणि जुने भाडेकरू असतात; यादीत नाव म्हणजे जागा अडकली, असंच त्यांना वाटतं. एकत्रिकृत विकास नियंत्रण नियमावलीत वारसा वास्तूच्या बुडालेल्या चटईक्षेत्राबद्दल (बांधता न आलेल्या क्षेत्राबद्दल) टीडीआरची, म्हणजे दुसरीकडे वापरता किंवा विकता येणाऱ्या विकास हक्काची, तरतूद आहे. तिचा हिशेब त्यांच्या क्षेत्रफळावर मांडून कागदावर द्या, आणि यादीसाठीचं संमतिपत्र शक्यतो त्याच बैठकीत सगळ्या वारसांच्या सह्यांनी घ्या.