जुनी ३६ व्होल्टची गोल्फ कार्ट आणि तिचं सर्व्हिस मॅन्युअल

मॅन्युअल उघडण्याआधी गाडीवरची सीरियल नंबरची पट्टी शोधा. क्लब कार कंपनीच्या डीएस मॉडेलवर नंबर 'ए८९३७'ने सुरू होत असेल, तर गाडी १९८९ सालची, ३७व्या आठवड्यातली. त्याच सालाचं मॅन्युअल मिळवा. नंतरच्या ४८ व्होल्टच्या मॉडेलचं मॅन्युअल फुकट मिळालं, तरी इथे उपयोगाचं नाही.

आता वायरिंग डायग्रामची मोठी प्रिंट काढा. इतक्या वर्षांत कुणी ना कुणी वायरी बदललेल्या असतातच, म्हणून रंगावर जाऊ नका. वायर कुठल्या टर्मिनलवरून कुठे जाते ते बघा आणि तपासलेल्या वायरीवर पेनाने खूण करा.

हात घालण्याआधी अंगठी-घड्याळ काढा, किल्ली बंद करा, पुढच्या चाकांना अडण लावा, मागची चाकं स्टँडवर उचला. वायरी सोडताना बॅटरीची निगेटिव्ह आधी. चाकं हवेत असताना पेडल पूर्ण दाबून ठेवू नका: या गाडीतली सिरीज प्रकारची मोटर लोडशिवाय बेफाम फिरते आणि आतून फुटू शकते.

गाडी हलतच नसेल तर सुरुवात बॅटऱ्यांपासून. सहा व्होल्टच्या सहा बॅटऱ्या. पूर्ण चार्ज होऊन काही तास उभ्या राहिल्यावर प्रत्येकीवर साधारण ६.३ व्होल्ट, एकूण ३८ च्या आसपास. एखादीच मागे पडत असेल तर दुखणं तिथेच.

बॅटऱ्या ठीक असतील तर किल्ली चालू करून गिअर फॉरवर्डला टाका आणि पेडल किंचित दाबा. सॉलेनॉइड, म्हणजे मोटरकडे जाणारा करंट जोडणारा विजेवर चालणारा स्विच, 'टक' करायला हवा. टक झालं, पण त्याच्या दोन मोठ्या टर्मिनलमध्ये मीटर अजून पूर्ण व्होल्टेज दाखवतोय, तर आतले कॉन्टॅक्ट जळालेत. टकच नाही, तर त्याचे लहान टर्मिनल तपासा. तिथे ३६ येतात? सॉलेनॉइडची कॉइल गेली. येत नाहीत? किल्लीचा स्विच, पेडलचा मायक्रोस्विच, मधल्या वायरी, या क्रमाने मागे जा.

गाडी चालते, पण एखाद्या स्पीडला अडखळते, तर रेझिस्टरचा वायपर स्विच, म्हणजे पेडलबरोबर सरकून स्पीड बदलणारा स्विच, उघडा. नट ढिला राहिला की तिथे उष्णता साठते आणि बोर्ड वितळतो. नुसतं पॉलिश पेपरने घासून भागत नाही. नट, वॉशर आणि करपलेली लग (वायरीच्या टोकाची धातूची कडी) बदलाच.

घट्ट करताना टॉर्कचं एकक दोनदा वाचा. अमेरिकन मॅन्युअलमध्ये बॅटरीच्या नटांचा आकडा बहुधा इंच-पाउंडात असतो. तो फूट-पाउंड समजलात, तर बारापट जोर लागतो आणि बॅटरीचा शिशाचा पोस्ट (वर आलेला खुंट) उपटून हातात येतो.