शंखात संसार करणारे सिक्लिड: मल्टिफॅसिएटसची टाकी
आफ्रिकेतल्या टांगानिका सरोवराच्या तळाशी रिकाम्या शंखांचे थर पसरलेले असतात. निओलॅम्प्रोलोगस मल्टिफॅसिएटस हा सिक्लिड (गोड्या पाण्यातल्या माशांचं एक कुळ) त्यातच राहतो, त्यातच अंडी घालतो. जेमतेम ४-५ सेंमीचा मासा, त्यामुळे ६० × ३० × ३० सेंमीची टाकी पुरते.

तळाला ५ सेंमी बारीक, धुतलेली वाळू घाला. जाड खडी नको. हा मासा तोंडात वाळू भरून शंखाभोवती खड्डा करतो आणि शंख फक्त तोंड उघडं राहील इतका गाडतो. शेतातल्या गोगलगायींचे रिकामे शंख चालतात, तोंड अडीच सेंमीच्या आसपास हवं. उकळून, आतला मळ काढून घ्या आणि पाण्याखाली तिरपे करून हवा पूर्ण बाहेर काढा. दर माशाला तीन शंख ठेवा, नाहीतर मारामाऱ्या ठरलेल्या.

पाणी कठीण (क्षार जास्त असलेलं), पीएच ८ ते ९, तापमान २४ ते २७ अंश. बोअरचं पाणी बरेचदा जमतं, तरी तपासाच. स्पंज फिल्टर लावून अमोनिया आणि नायट्राइट (टाकीत घाणीतून तयार होणारे विषारी पदार्थ) शून्यावर येईपर्यंत, साधारण ४ ते ६ आठवडे, मासे सोडायला थांबा. इथे घाई फार महागात पडते: पीएच जास्त असला की अमोनियाचा विषारी अंश वाढतो, कमी पीएचच्या पाण्यात निभावलं असतं तेवढ्या अमोनियानेही मासे दगावतात.

नर-मादी ओळखणं अवघड, म्हणून सहा लहान मासे एकदम आणा. शंखाच्या तोंडाशी टाचणीच्या डोक्याएवढी पिल्लं दिसली की अंड्यांतून नुकताच बाहेर आलेला आर्टेमिया (खाऱ्या पाण्यातले सूक्ष्म कोळंबीसारखे जीव) द्या. त्यांना वेगळं काढू नका. मोठे त्यांना सहसा खात नाहीत. पाणी दर आठवड्याला पाव भाग बदला.