तिसरी बाजू शोधताना या चुका टाळा

‘त्रिकोणाच्या दोन बाजू 5 सेमी आणि 9 सेमी आहेत, तर तिसरी किती असू शकेल?’ आठवी-नववीच्या मुलांना हा प्रश्न घातला की बहुतेक वह्यांत एकच ओळ येते: 14 पेक्षा कमी. ती चूक नाही, पण अर्धीच आहे. 14 पेक्षा कमी तर 2 सुद्धा असतात. 5, 9 आणि 2 सेमीचा त्रिकोण काढून बघा, जमणार नाही.

अशा वेळी मी खराट्याचे दोन हीर घ्यायला लावते, एक 9 सेमीचा आणि एक 5 सेमीचा. दोघांचं एकेक टोक जुळवून बोटाखाली दाबायचं आणि छोटा हीर दारासारखा फिरवायचा. तो मोठ्यावर पूर्ण मिटला की मोकळ्या टोकांतलं अंतर उरतं 9 − 5 = 4 सेमी. पूर्ण उघडून सरळ रेषेत आला की 9 + 5 = 14. त्रिकोण दिसतो तो या दोहोंच्या मधेच. नेमके 4 किंवा नेमके 14 घेतले तर तिन्ही बाजू एकाच रेषेत लोळतात, म्हणून ‘पेक्षा जास्त’ आणि ‘पेक्षा कमी’ असंच लिहायचं, ‘किंवा तितकीच’ नाही. उत्तर पूर्णांकात मागितलं असेल तर 5 ते 13. इथे 13 − 5 = 8 करून मोकळं होऊ नका; 5 सुद्धा धरायचे असतात, एकूण 9.

तिन्ही बाजू दिलेल्या असतात तेव्हा वेगळीच घाई होते. 3, 4, 8 बघून कुणी लिहितं, ‘3 + 8 > 4, म्हणून त्रिकोण शक्य.’ सर्वांत मोठी बाजू बेरजेत घेतली तर बेरीज जास्तच येणार, त्यातून काहीच तपासलं जात नाही. लहान दोघींची बेरीज मोठीशी ताडून बघा: 3 + 4 = 7, आणि 7 काही 8 पेक्षा जास्त नाही. कुठल्याही दोन बाजूंची बेरीज तिसरीपेक्षा जास्त असते, हे ग्रीक गणिती युक्लिडच्या ‘एलिमेंट्स’ या ग्रंथाच्या पहिल्या खंडातलं 20 वं विधान. ‘हे तर गाढवालाही कळतं, ते चाऱ्याकडे सरळच जातं’ अशी त्याची टिंगल झाल्याचं युक्लिडचा भाष्यकार प्रोक्लस याने नोंदवलंय. गाढवाला कळलेलं परीक्षेच्या घाईत निसटतं, म्हणून हा ताळा नेहमी करा. एकक वेगळं असेल तर आधी सारखं करा: 45 सेमी, 60 सेमी आणि 1.2 मीटरचा त्रिकोण होत नाही, कारण 105 हे 120 पेक्षा कमी.

6 आणि 8 दिसले की हात आपोआप 10 लिहितो. काटकोन दिलाय का, हे आधी वाचा. नसेल, तर 2 आणि 14 मधली कुठलीही लांबी चालेल. 10 ही त्यांतली एक.

समद्विभुज त्रिकोणाच्या दोन बाजू 4 आणि 9 असतील, तर परिमिती 17 की 22? 4, 4, 9 मध्ये 4 + 4 = 8, त्रिकोणच होत नाही. उत्तर फक्त 22.

बाजू x, x + 3 आणि 2x − 1 अशा असल्या, तर मात्र लहान दोघींची युक्ती लावू नका. सर्वांत मोठी बाजू x प्रमाणे बदलते, म्हणून तिन्ही असमानता मांडाव्याच लागतात. त्यांतली कामाची एकच निघते: x + (2x − 1) > x + 3, म्हणजे x > 2. x = 3 ठेवून बघा: 3, 6, 5.